न विकणारा चोर

चोरी करणं हा चोराच्या धंद्यातला सोपा भाग. खरी कसरत पुढे असते. चोरलेली वस्तू घरात ठेवून पोट भरत नाही, ती खपवावी लागते. त्यासाठी भंगारवाला लागतो, ओळखीचा दुकानदार लागतो, निदान जुन्या वस्तू घेणारं अनोळखी गिऱ्हाईक तरी लागतं. माल जितक्या हातांतून जातो तितकी तोंडं बोलायला तयार होतात. बहुतेक चोर खिडकीतून आत शिरताना सापडत नाहीत, बाजारात सापडतात.

रानावनात मुक्कामाला जाणाऱ्यांचं सामान या दृष्टीने चोरांना आवडावं असंच असतं. तंबू, पिसांची स्लीपिंग बॅग, गॅसची शेगडी, डोक्याला बांधायचा दिवा या वस्तू वजनाला हलक्या, किमतीला भारी असतात आणि त्यांच्यावर मालकाचं नाव क्वचितच असतं. तरीही या चोऱ्या खोल जंगलात फारशा होत नाहीत. त्या होतात जिथे डांबरी रस्ता संपतो आणि पायवाट सुरू होते, त्या गाड्या लावायच्या जागी. अमेरिकेतल्या राष्ट्रीय उद्यानांत गाडीत किमती वस्तू ठेवू नका अशा पाट्या असतात, त्या यासाठीच. मालक दोन दिवस डोंगरात आहे हे गाडीकडे बघूनच कळतं, काच फोडायला अर्धं मिनिट पुरतं आणि पळायला रस्ता समोरच असतो. याउलट वीस किलोमीटर आतल्या तंबूतून काही उचलायचं तर ते वीस किलोमीटर स्वतःच्या पाठीवर बाहेर आणावं लागतं. इतके कष्ट उपसायची तयारी असती तर माणूस हमाली करून चार पैसे मिळवता. म्हणून रस्त्यापासून जितकं दूर जावं तितकं सामान सुरक्षित, असा एक ढोबळ हिशेब मांडता येतो.

चोराला माल रस्त्यावर आणायचाच नसेल, तर मात्र हा हिशेब कोलमडतो. असा एक चोर अमेरिकेच्या मेन राज्यात होऊन गेला. त्याने सत्तावीस वर्षं चोऱ्या केल्या आणि चोरलेली एकही वस्तू विकली नाही.

मेन हे अमेरिकेचं ईशान्य टोक. जंगल भरपूर, तळी भरपूर, माणसं कमी. राज्याच्या मध्यभागी रोम नावाचं छोटं गाव आहे आणि त्याच्या शेजारी नॉर्थ पाँड हे तळं. काठावर झाडांत लपलेली लाकडी घरं आहेत. मेनमध्ये या हंगामी घरांना लोक कॅम्पच म्हणतात. मेच्या अखेरीस मालक येतात, पोहतात, मासे धरतात, सप्टेंबर लागला की पाणी बंद करून, दाराला कुलूप लावून परत जातात. मधले आठ महिने घरं ओस. शिधा, गाद्या, गॅसच्या टाक्या, विजेऱ्या, पुस्तकं सगळं आतच राहतं, कारण दर वर्षी ने-आण कोण करणार? याच तळ्याकाठी पाइन ट्री कॅम्प ही अपंग मुला-मोठ्यांसाठीची सुट्टीची जागा आहे. तिथलं स्वयंपाकघर मोठं, म्हणून तिथला शीतपेटीतला साठाही मोठा.

1980च्या दशकाच्या उत्तरार्धात या घरांतून वस्तू नाहीशा होऊ लागल्या. पण नाहीशा होण्याची तऱ्हा विचित्र होती. विजेरी जागेवर, पण आतले सेल गेलेले. कधी नव्या सेलच्या जागी जुने, संपलेले सेल बसवलेले. गॅसची टाकी जागच्या जागी, पण भरलेली होती ती रिकामी झालेली. कपाटातली एक पँट, फळीवरचं एक पुस्तक, पाकिटातला खाऊ. दागिने, महागडी यंत्रं, रोकड यांकडे जवळजवळ दुर्लक्ष. दार फोडलेलं नाही, काच फुटलेली नाही, उलट जाताना खिडकीची कडी लावून घेतलेली.

असं झाल्यावर माणूस आधी कुणावर संशय घेतो? स्वतःवर. सेल टाकायचे राहिले असतील, टाकी मागच्याच वर्षी संपली असेल. मग घरच्यांवर, विशेषतः तरुण मुलांवर आणि त्यांच्या मित्रांवर. सुट्टीच्या घरात बाटली कमी भरली की बापाची नजर मुलाकडेच वळते. कित्येक कुटुंबांत या किरकोळ वस्तूंवरून वर्षानुवर्षं कुरबुरी चालल्या. पोलिसांत जायचं तर सांगायचं काय? चार सेल आणि गोड बिस्किटांचा पुडा चोरीला गेला? एकेका घरातलं नुकसान इतकं क्षुल्लक की तपासाला माणूस लावणं कुणालाच परवडू नये. चोराच्या यशाचं हे पहिलं कारण. त्याने नुकसान शेकडो घरांत वाटून टाकलं होतं.

त्याचं नाव ख्रिस्तोफर नाइट. जन्म 1965चा, गाव त्याच राज्यातलं अल्बियन, तळ्यापासून मोटारीने तासाभराच्या आत. 1984 साली शाळा संपवली, मॅसॅच्युसेट्समध्ये इलेक्ट्रॉनिक्सचा एक अभ्यासक्रम केला आणि घरांना व मोटारींना चोरघंटा बसवायची नोकरी धरली. कादंबरीकाराने हे लिहिलं असतं तर आपण जरा जास्तच जुळवून आणलंय असं म्हटलं असतं. 1986मध्ये, वयाच्या विसाव्या वर्षी, त्याने कुणाला न सांगता नोकरी सोडली, फ्लोरिडापर्यंत गाडी चालवत गेला, परत मेनमध्ये आला, स्वतःच्या घरासमोरून न थांबता पुढे गेला आणि उत्तरेकडे इंधन जवळजवळ संपेपर्यंत चालवत राहिला. गाडी तिथेच सोडली, किल्ल्या आतच ठेवल्या आणि तंबू आणि पाठपिशवी घेऊन झाडीत शिरला. घरच्यांनी बेपत्ता झाल्याची तक्रार कधी नोंदवली नाही. पुढे पोलीस ज्याला शोधत होते तो कुठल्याही यादीत नव्हता, याचं हे कारण.

काही काळ भटकून तो नॉर्थ पाँडच्या रानात स्थिरावला. सुरुवातीला लोकांच्या परसबागेतल्या भाज्या तोडल्या. मग हिशेब त्याच्या लक्षात आला असावा: तीनेकशे घरं, वर्षातले बहुतेक महिने रिकामी, आणि प्रत्येकात एका माणसाला पुरून उरेल एवढा साठा. त्याचा तळ सर्वांत जवळच्या घरापासून काही मिनिटांच्या चालीवर होता, तरी कुणाला दिसला नाही. हेमलॉकची दाट झाडी आणि हत्तीएवढे खडक यांच्या मधोमध एक मोकळी जागा होती, तिथे शिरायची वाट दोन खडकांच्या फटीतून. वर तपकिरी-हिरव्या रंगसंगतीची ताडपत्री, तिच्याखाली तंबू, तंबूत चोरून आणलेली स्प्रिंगची खाट आणि गादी. जमीन सपाट करायला त्याने जुन्या नियतकालिकांचे गठ्ठे चिकटपट्टीने बांधून विटांसारखे अंथरले होते. त्यांत नॅशनल जिऑग्राफिकचे अंक होते. पावसाचं पाणी गठ्ठ्यांच्या फटींतून खाली निचरून जायचं. दोन बर्नरची शेगडी, तिला जोडलेली गॅसची टाकी, कानाला लावायचा रेडिओ, पुढे मोटारीच्या बॅटरीवर चालणारा छोटा टीव्ही. यातली जवळजवळ प्रत्येक वस्तू दुसऱ्याची. अंगावर स्वतःचा होता तो चष्मा, शाळेच्या वार्षिकातल्या फोटोतलाच.

कामाची पद्धत पाहिली की माणूस हुशार होता हे कबूल करावंच लागतं. शक्यतो आठवड्याच्या मधल्या वारी आणि अंधाऱ्या रात्री निघायचं, कारण शनिवार-रविवारी मालक येऊ शकतात. चालायचं ते मुळांवरून आणि दगडांवरून, माती आणि पानं न तुडवता. बरोबर पेचकस आणि कानशी असायची, कुलूप फोडायला नव्हे, खिडकीची कडी हलकेच सरकवायला. दाराच्या बिजागरीची खीळ काढली तर जाताना परत बसवायची. एखाद्या घरात जादा किल्ली सापडली तर ती घराबाहेर दगडाखाली लपवून ठेवायची, पुढच्या वेळची सोय. गॅसची टाकी जड, ती तळ्यावरून आणायला कुणाची तरी होडी वापरायची आणि परत ठेवल्यावर तिच्यावर पाइनच्या सुया शिंपडायच्या, म्हणजे कित्येक दिवस कुणी हात लावला नाही असं वाटावं. जिथे चोरघंटा होती तिथे जुनी नोकरी कामाला यायची.

हिवाळा मात्र या हुशारीची कसोटी होती. मेनच्या त्या भागात रात्री पारा उणे वीस अंश सेल्सिअसच्या खाली सहज उतरतो. नाइटने सत्तावीस वर्षांत एकदाही लाकडं पेटवली नाहीत, कारण धूर दिसतो. बर्फ पडला की तळ सोडायचा नाही, कारण पावलं उमटतात. म्हणजे नोव्हेंबरपासून साधारण एप्रिलपर्यंतचा सगळा शिधा आणि गॅस आधी जमवायचा. शरद ऋतूत तो गोड खाऊन आणि दारू पिऊन अंगावर चरबी चढवायचा. संध्याकाळी लवकर झोपायचं आणि पहाटे दोनला, थंडी सर्वांत कडक असताना, उठून तळाच्या भोवती येरझाऱ्या घालायच्या, कारण त्या वेळी झोपून राहिला तर गोठून मरायची भीती. शेगडीवर बर्फ वितळवून पिण्याचं पाणी करायचं. या सगळ्या काळात त्याच्या सांगण्याप्रमाणे तो माणसाशी एकच शब्द बोलला: 1990च्या दशकात वाटेत समोर आलेल्या एका भटक्याला केलेला नमस्कार.

वर्षाला चाळीसेक याप्रमाणे एकूण हजारावर घरफोड्या झाल्या असाव्यात असा त्याचा स्वतःचाच अंदाज. विकायचं काहीच नव्हतं, म्हणून बाजारात माग लागणार नव्हता. साथीदार नव्हता, म्हणून कुणी फितणार नव्हतं. कुणाजवळ बढाई मारायची सोय नव्हती. पोलिसांच्या नेहमीच्या तिन्ही वाटा बंद. एका घरमालकाने लावलेल्या छुप्या कॅमेऱ्यात तो एकदा आलाही, पण चित्रातला माणूस दाढी केलेला, नीटनेटका. रानात राहणारा वेडा म्हणजे जटा आणि फाटके कपडे, अशी सगळ्यांची कल्पना. नाइट मुद्दाम दाढी करायचा, स्वच्छ कपडे घालायचा, कुणी पाहिलंच तर फिरायला आलेला शेजारी वाटावा म्हणून.

घरमालकांनी काय काय केलं नाही! कुणी कुलपं वाढवली. कुणी बंदूक घेऊन अंधारात रात्रीमागून रात्री दबा धरून बसला. कुणी दार उघडंच ठेवलं, फोडू नकोस, हवं ते ने, म्हणून. काहींनी दाराला कागद आणि दोऱ्याने बांधलेलं पेन लटकवलं आणि तुला काय लागतं ते लिहून ठेव, आम्ही आणून देऊ असं विचारलं. कुणी पुस्तकांची पिशवी बाहेर टांगली. त्याने कागदावर कधी एक अक्षर लिहिलं नाही, टांगलेल्या पिशव्यांनाही हात लावला नाही. मला हा भाग सगळ्यात बोलका वाटतो. मागून घेतलं की घेणारा आणि देणारा यांच्यात नातं तयार होतं, आणि त्याला तेच नको होतं. चोरीत नातं लागत नाही.

तळ्याकाठच्या लोकांत त्याच्यावरून दोन तट पडले. एका गटाचं म्हणणं, गेलं काय, तर खाऊ आणि सेल. दुसऱ्या गटातल्या बायका रात्री एकट्या राहायला धजेनाशा झाल्या, मुलांना खिडकीपाशी झोपवायचं थांबलं, आणि पिढ्यान्‌पिढ्या कुलपाशिवाय राहिलेल्या घरांना कुलपं आली. रानातल्या घराची किंमत त्यातल्या सामानात नसते, ते बिनदिक्कत टाकून जाता येतं यात असते. तेवढंच त्याने नेलं. मी या दुसऱ्या गटाच्या बाजूने आहे.

निर्जन जागी चोरीचं वजन नेहमीच वेगळं मोजलं गेलंय. 1897-98च्या क्लोंडाइकच्या सोन्याच्या धावपळीत अलास्काच्या चिलकूट खिंडीतून हजारो माणसं कॅनडात शिरत होती. वर्षभर पुरेल इतका शिधा आणि सामान बरोबर असल्याशिवाय कॅनडाचे पोलीस सरहद्द ओलांडू देत नसत, आणि ते सामान साधारण एक टन भरायचं. एका माणसाला ते एका खेपेत नेणं शक्यच नव्हतं. थोडं पुढे न्यायचं, बर्फात ढीग लावून ठेवायचं, परत मागे जाऊन पुढची खेप आणायची, अशा वीस-तीस किंवा त्याहून जास्त फेऱ्या. ढिगापाशी राखणीला कुणी नसायचं. सगळी वाट परस्परांच्या भरवशावर चालायची, आणि म्हणूनच तो मोडणाऱ्याला दयामाया नव्हती. 1898च्या फेब्रुवारीत वाटेतल्या शीप कॅम्प या मुक्कामावर सामान चोरल्याच्या आरोपावरून खाणवाल्यांनी स्वतःच पंचायत भरवली. आरोपींपैकी एकाने पळता पळता स्वतःवर गोळी झाडली, दुसऱ्याला सर्वांसमक्ष चाबकाचे फटके मारले. शहरात ज्या चोरीला चार दिवसांची कैद झाली असती तिच्यासाठी इथे कातडी सोलली गेली. पिठाची गोणी गेली तर दुसरी सहजी मिळणार नाही, हे तिथला प्रत्येकजण जाणून होता.

एव्हरेस्टवर हाच हिशेब उंचीत मोजतात. 2017च्या हंगामात साउथ कोलच्या, म्हणजे सुमारे 7,900 मीटरवरच्या तळावरून प्राणवायूच्या बाटल्या चोरीला गेल्याच्या तक्रारी गिर्यारोहक आणि शेर्पांनी केल्या. काठमांडूत त्या बाटलीची किंमत रुपयांत सांगता येते. शिखरावरून उतरताना आपली राखीव बाटली जागेवर नाही हे कळतं तेव्हा ती किंमत मिनिटांत मोजली जाते. पूर्वी त्या उंचीवर मोजके लोक असत आणि सगळे एकमेकांना नावाने ओळखत. आता एकाच दिवशी शेकडो अनोळखी माणसं दोरीला लागतात. अनोळखीपणा वाढला की चोरी वर चढत जाते, उंची तिला अडवत नाही.

नाइटच्या बाबतीत कुणी मेलं नाही हे खरं. पण त्याच्या एकांतवासाचं जे कौतुक पुढे झालं, त्याने मी थोडा चकित होतो. अमेरिकेला रानातल्या एकट्या माणसाचं वेड आहे, आणि त्याचं मूळ पुरुष हेन्री डेव्हिड थोरो. दुर्गाबाई भागवतांनी त्याचं ‘वॉल्डन’ मराठीत आणलं, त्यामुळे आपल्याकडेही त्याचे चाहते कमी नाहीत. थोरो 1845 ते 1847 अशी दोन वर्षं तळ्याकाठच्या झोपडीत राहिला. झोपडीला कुलूप नसायचं. त्याचीही एक चोरी झाली: होमरच्या पुस्तकाचा एक खंड गेला. त्यावरून त्याने निष्कर्ष काढला की सगळेच त्याच्यासारखे साधे राहिले तर चोरी उरणारच नाही, कारण चोरी होते ती काहींकडे गरजेपेक्षा जास्त आणि काहींकडे गरजेपेक्षा कमी असतं म्हणून. नाइट थोरोपेक्षा साधा राहिला, त्याहून एकटा राहिला, आणि तेही केवळ चोरीवर. थोरोला तो हौशी मानायचा, हे त्याने पत्रकार मायकल फिंकेलला सांगितलं. फिंकेलने 2017मध्ये त्याच्यावर पुस्तक लिहिलं. टीका चुकीची नाही, थोरोचं गाव आणि आईचं घर हाकेच्या अंतरावर होतं. पण नाइटचं काय? गॅस भरणारा कारखाना, सेल बनवणारी कंपनी, शीतपेट्या चालवणारी वीज आणि सुट्टीवर येऊन कपाटं भरणारी कुटुंबं, यांतलं एक जरी थांबलं असतं तर त्याला पुढचा हिवाळा दिसला नसता. समाजावर इतका पूर्ण अवलंबून असलेला माणूस त्या गावात दुसरा नसेल. एवढं श्रेय त्याला द्यायला हवं की आपण चोर आहोत हे त्याने कधी नाकारलं नाही. प्रत्येक वेळी लाज वाटायची, असं त्याने पोलिसांना सांगितलं.

तो सापडला तो टेरी ह्यूज या वनरक्षकामुळे. मेनमध्ये शिकार आणि मासेमारीवर देखरेख करणारे वॉर्डन असतात, ह्यूज त्यांच्यातला सार्जंट. पाइन ट्री कॅम्पमध्ये तो स्वयंसेवक म्हणूनही जायचा, त्यामुळे तिथल्या चोऱ्या त्याने मनाला लावून घेतल्या होत्या. चोरघंटा वाजली की चोर पळतो, म्हणून त्याने न वाजणारी वापरली: स्वयंपाकघरात हालचाल टिपणारी यंत्रं बसवली आणि त्यांचा इशारा स्वतःच्या घरी येईल अशी सोय केली. घंटा बसवण्यात मुरलेल्या माणसाला चुकवायला हाच उपाय होता. 4 एप्रिल 2013च्या मध्यरात्रीनंतर इशारा आला. ह्यूज धावत पोचला तेव्हा नाइट पाठपिशवी भरून बाहेर पडत होता. पिशवीत खारवलेलं डुकराचं मांस, कॉफी, मार्शमॅलो आणि गोळ्यांची पाकिटं. रानात कधी गेलास असं विचारल्यावर त्याला साल नेमकं सांगता येईना. चेर्नोबिलचा अपघात झाला त्या सुमारास, असं तो म्हणाला, आणि ते बरोबर निघालं.

मग कायद्याची पंचाईत झाली. हजार घरफोड्यांची कबुली हातात, पण मेनमध्ये अशा गुन्ह्यांचा खटला सहा वर्षांच्या आत भरावा लागतो. त्याआधीची वीस-एकवीस वर्षं कायद्याच्या लेखी मिटलेली. उरलेल्यांतही मालक, वस्तू आणि तारीख यांची सांगड घालता आली अशी प्रकरणं मोजकीच. आपल्या घरातून नक्की काय आणि कधी गेलं हे सांगायला माणसाला आधी ते गेल्याचं कळावं लागतं. 2013च्या ऑक्टोबरात त्याने घरफोडी आणि चोरीचे मिळून तेरा गुन्हे कबूल केले. शिक्षा झाली सात महिन्यांची, आणि त्यातले जवळजवळ सगळे दिवस तो तोवर ऑगस्टाच्या तुरुंगात काढून चुकला होता. पुढे न्यायालयाच्या विशेष देखरेखीखाली राहायचं, दर आठवड्याला न्यायाधीशांपुढे हजर व्हायचं, दारूला शिवायचं नाही, नोकरी किंवा शिक्षण धरायचं आणि नुकसानभरपाई भरायची. काही घरमालकांना ही शिक्षा हास्यास्पद वाटली. दुसऱ्या बाजूला अनोळखी लोक त्याला राहायला जमीन देऊ करत होते. दर आठवड्याला ठरल्या वेळी उठून, माणसांनी भरलेल्या खोलीत जाऊन, कसं चाललंय या प्रश्नाला मोठ्याने उत्तर द्यायची सक्ती त्याच्यावर पहिल्यांदाच आली होती. 2015च्या मार्चमध्ये त्याने ती मुदत पुरी केली, आणि कुठेही चुकला नाही.